विलंबिनीभोवती आठ दिवस

विलंबिनी हा तारा कुठल्याही नकाशात नाही. तो मी कल्पनेत वसवला आहे आणि तिथवर नेणारं यानही कल्पनेतलंच. पण त्या ताऱ्याजवळ घड्याळाचं काय होतं, अंगाचं काय होतं, आकाश कसं दिसतं, यात मी पदरचं काही घातलेलं नाही. ते आकडेमोड करून काढलं आहे. आणि निघण्याचं कारण तर अगदी खरं आहे.

आम्ही जुळ्या. जन्माच्या नोंदीत दोघींमध्ये सात मिनिटांचं अंतर. तेवढ्यावर मी ताई झाले. शाळेच्या वाटेवर तिचा हात धरणारी मी, आईने आधी विचारावं अशी मी, अंधारात पुढे चालणारी मी. धाकटी रुसली की म्हणायची, "सातच मिनिटं होती ना? मग थांबली का नाहीस माझ्यासाठी?" मला याचं उत्तर कधीच देता आलं नाही. धावण्यात, अभ्यासात, उंचीत तिने मला केव्हाच मागे टाकलं. वयात मात्र मागचा पुढच्याला गाठूच शकत नाही, असं आम्ही दोघी धरून चाललो होतो.

पुढे सापेक्षतावाद वाचायला लागले आणि कळलं की गाठता येतं. पुढच्याने कुठेतरी थांबायला हवं. जड वस्तूजवळ काळ सावकाश चालतो हे आइनस्टाइनला १९०७ मध्येच उमगलं होतं. म्हणजे थांबायचं तर एखाद्या फार जड, फार आटोपशीर ताऱ्याजवळ.

म्हणून विलंबिनी. हा न्यूट्रॉन तारा आहे: सूर्याच्या १.४ पट वस्तुमान, आणि ते सगळं २४ किलोमीटर व्यासात दाबलेलं. त्याचा एक घन सेंटिमीटर तुकडा सुमारे ३८ कोटी टन भरेल. असे तारे खरोखर आहेत. त्यांतला पहिला स्पंदक, म्हणजे ठराविक अंतराने रेडिओ लहरींचा झोत टाकणारा न्यूट्रॉन तारा, १९६७ मध्ये जोसेलिन बेल यांना रेडिओ दुर्बिणीच्या कागदी पट्टीवर सापडला, दर १.३४ सेकंदाला त्याची एक टिचकी येत होती. माझा तारा मात्र फार म्हातारा घेतला आहे. स्पंदनं थांबलेली, चुंबकत्व विरलेलं, पृष्ठभाग दहा हजार अंशांपर्यंत निवलेला. नाहीतर जवळ जाणारा भाजूनच निघाला असता. नाव ठेवलं विलंबित लयीवरून.

धाकटी दहा लाख किलोमीटरवरच्या स्थानकात राहणार. तिथे ताऱ्याचा प्रभाव नावापुरता, असा मी हिशेब केला. घड्याळं तीन, तिन्ही एकाच जातीची अणुघड्याळं: एक तिच्याजवळ, एक माझ्याजवळ, तिसरं कशासाठी ते पुढे येईल. दिवस मोजायचा तो तिच्या घड्याळाने. एका कक्षेतून दुसरीत जायला लागणारा वेळ हिशेबात धरलेला नाही. कल्पनेच्या यानाला एवढी मुभा असावी.

पहिला दिवस : २०,००० किलोमीटर

निघताना दोघींनी घड्याळं शेजारी ठेवून जुळवली. तिने माझ्या घड्याळावरून हात फिरवला आणि म्हणाली, "ताई, परत आल्यावर हे मागे दिसलं नाही तर?" मी म्हटलं, "दिसेल."

मला एवढी खात्री होती, कारण हे पृथ्वीवरच तपासून झालं आहे. १९६० मध्ये पाउंड आणि रेब्का यांनी हार्वर्ड विद्यापीठातल्या २२.५ मीटर उंचीच्या मनोऱ्यात दाखवून दिलं की तळाशी आणि माथ्याशी काळाची चाल एक नसते. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग यांनी सीझियम घड्याळं प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली. पूर्वेच्या दिशेने नेलेलं घड्याळ ५९ नॅनोसेकंद मागे पडलं, पश्चिमेच्या दिशेने नेलेलं २७३ नॅनोसेकंद पुढे गेलं. आपल्या फोनला रस्ता दाखवणाऱ्या जीपीएस उपग्रहांवरची घड्याळं रोज ३८ मायक्रोसेकंद पुढे धावतात आणि ती दुरुस्ती आधीच करून ठेवावी लागते. फरक खरा आहे, फक्त पृथ्वी फार हलकी पडते.

इथे एका फेरीला ४१ सेकंद लागतात, वेग सेकंदाला तीन हजार किलोमीटरच्या वर. तारा पांढऱ्या ठिपक्याएवढा; टक लावून पाहिलं की तो ठिपका नसून इवलीशी थाळी आहे हे कळतं.

मी दिवसभर स्वतःची नाडी मोजत राहिले. काहीतरी जाणवेल असं वाटत होतं: हात जड पडतील, विचार संथ होतील. काहीच झालं नाही. नाडी तीच, श्वास तोच. काळ मंदावतो तेव्हा नाडी, श्वास, विचार, घड्याळ सगळं मिळूनच मंदावतं. मग आतल्याला तुलना करायला उरतं काय? हे मला वाचून माहीत होतं, पण मनगटावर बोट ठेवून बसल्यावर ते जेवढं पटलं तेवढं वाचताना पटलं नव्हतं.

संध्याकाळी तिने सांगितलं, "तेरा सेकंद." नेमके १३.४. सात मिनिटांच्या चारशेवीस सेकंदांपैकी तेवढे परत केले.

दुसरा दिवस : १०,००० किलोमीटर

फेरी पंधरा सेकंदांची. दिवसभरात २७ सेकंद. अंतर निम्मं झालं की मागे पडणं दुप्पट. एकूण ४०.

या मागे पडण्याचे तीन भाग केले तर त्यातले दोन ताऱ्याच्या ओढीचे आणि एक माझ्या धावण्याचा. वेगानेही काळ मंदावतो, आणि कक्षेत टिकून राहायचं तर धावणं भागच आहे. मी थांबायला आले म्हणते खरी, पण त्यातला तिसरा हिस्सा धावण्यातून मिळतो, हे कागदावर पाहिल्यावर मी बराच वेळ त्या ओळीकडे बघत बसले.

तिसरा दिवस : ५,००० किलोमीटर

आज तिचा आवाज हलायला लागला. म्हणजे काल हलत नव्हता असं नाही, पण आज तो कानाला स्पष्ट लागला. मी तिच्या दिशेने धावत असते तेव्हा तिच्या आवाजाची पट्टी दोन टक्क्यांनी चढते, पाठ फिरवून धावते तेव्हा तेवढीच उतरते, आणि हे चढणं-उतरणं दर पाच सेकंदांना एकदा. आगगाडीची शिट्टी जवळ येताना चढते आणि लांब जाताना उतरते, तोच हा परिणाम. अर्ध्या स्वराचंही अंतर नाही. दरबारीतल्या गंधाराला आंदोलन द्यावं तसा तिचा प्रत्येक शब्द झुलत होता. "ताई" हे दोन अक्षरांचं नाव तर कधी वर चढून यायचं, कधी खाली उतरून.

"तुझाही तसाच येतोय," ती म्हणाली. तिचं बोलणं माझ्यापर्यंत पोहोचायला सव्वातीन सेकंदांहून थोडं जास्त आणि माझं उत्तर तिला मिळायला पुन्हा तेवढंच. त्यामुळे दोघी एकदम बोलायला लागायच्या आणि दोघी एकदम गप्प व्हायच्या. लहानपणी रात्री अंथरुणात आमचं हेच व्हायचं.

अंगालाही आज पहिल्यांदा तारा कळला. यानाचं एक अंग कायम ताऱ्याकडे असतं. हातातली पेन्सिल यानाच्या मध्यापासून अर्धा मीटर ताऱ्याच्या बाजूला सोडली, ती ताऱ्याकडे गेली. दुसरी उलट्या बाजूला सोडली, ती उलट्या बाजूला पळाली. जवळच्या टोकाला ओढ जास्त, लांबच्या टोकाला कमी. समुद्राला भरती आणणारं बळ ते हेच. पृथ्वीवर ते महासागर उचलतं, इथे ते एका खोलीत दिसतं.

५४ सेकंद. एकूण ९४.

चौथा दिवस : ४,००० किलोमीटर

या दिवसाबद्दल मी कितीही लिहू शकेन.

फेरी ३.७ सेकंदांची. सेकंदाला ६,८०० किलोमीटर. आता उभं राहायचं म्हणजे डोकं एकीकडे आणि पाय दुसरीकडे ओढले जाणार, म्हणून मी वाटेच्या दिशेने आडवी झाले. त्या दिशेत ताण येत नाही. मान मात्र हलवायची नाही. यान पावणेचार सेकंदांत पूर्ण गिरकी घेतं, आणि मान वळवली की कानातला तोल सांभाळणारा द्रव भलतीच दिशा सांगतो. एकदा चुकून वळले आणि तासभर डोळे मिटून पडून राहावं लागलं.

नुसत्या डोळ्यांना बाहेरचे तारे रेघांसारखे दिसतात. म्हणून कॅमेऱ्याने टिपलेली क्षणचित्रं एकामागून एक पडद्यावर लावली. तेव्हा दिसलं की मागचे तारे विलंबिनीच्या जवळ येताना सरळ येत नाहीत. नदीचं पाणी खडकाला बगल देतं तसे ते बाजूला सरकतात आणि पलीकडे पुन्हा आपल्या जागी येतात. एखादा बरोब्बर मागे आला तर लपतच नाही: क्षणभर त्याचं वर्तुळ होतं, ताऱ्याभोवती पाच अंश व्यासाचं, दहा पौर्णिमेचे चंद्र ओळीने मावतील एवढं. १९१९ च्या खग्रास ग्रहणात एडिंग्टन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सूर्याच्या कडेशी प्रकाश वळताना मोजला; आइनस्टाइनचं भाकीत होतं १.७५ विकला, म्हणजे अंशाचा दोन हजारावा भागसुद्धा नाही. तेवढ्या पुराव्यावर जगाची समजूत बदलली. इथे ते वळणं पडद्यावर बोटाने दाखवता येत होतं.

मग तिचा निरोप आला. ती दुर्बिणीतून माझ्याकडे पाहत होती.

"ताई, तू ताऱ्यामागे जातेस ना, तेव्हा लपत नाहीस. चकाकतेस. कडं होतं तुझं."

मी तिला पुन्हा सांगायला लावलं. यानाचा उजेड ताऱ्याच्या सगळ्या बाजूंनी वळून तिच्याकडे जात होता. मी मागे होते आणि तिला ताऱ्याभोवती कडं दिसत होतं, १८२ किलोमीटर त्रिज्येचं, मध्ये १२ किलोमीटर त्रिज्येचा तारा. दर पावणेचार सेकंदांना एकदा. ती त्यांची संख्या मोजत राहिली. मी दिसेनाशी होईन याची तिला सगळ्यात जास्त धास्ती होती, हे तिने निघण्यापूर्वी मला सांगितलं नव्हतं. आज सांगितलं.

६७ सेकंद. एकूण १६१. सूर्याच्या पृष्ठभागावर एखादं घड्याळ ठेवता आलं तर तेही ६७ सेकंदच मागे पडेल, पण वर्षभरात.

पाचवा दिवस : ४,००० किलोमीटर, आणि तिसरं घड्याळ

या ताऱ्याची खरी सत्ता पृष्ठभागाशी आहे. तिथे ठेवलेल्या घड्याळाचे ८१ सेकंद होतात तेव्हा दूरच्या घड्याळाचे १०० झालेले असतात. आमची सात मिनिटं तिथे सदतीस मिनिटांत फिटली असती. पण तिथवर माणूस जाऊ शकत नाही. हजार किलोमीटरवर येईपर्यंतच ती ओढाताण जीवघेणी होते. पृष्ठभाग तर त्याहून फार आत. अशा ताऱ्याजवळ वर्षानुवर्षं लपून राहावं आणि तरुण परतावं, अशा कल्पना मी कित्येकदा ऐकल्या आहेत. खऱ्या आकड्यांशी त्यांचं जमत नाही. इतक्या वस्तुमानाच्या ताऱ्याजवळ माणसाला दिवसाला मिनिट-दीड मिनिट मिळतं. मला तेवढंच हवं होतं, म्हणून मी आले.

घड्याळ मात्र जाऊ शकतं, निदान थोडा वेळ. तिसरं घड्याळ त्यासाठीच होतं. त्याची कक्षेतली गती पूर्ण मारली आणि सोडून दिलं.

चार हजार किलोमीटर पडायला त्याला पाऊण सेकंदसुद्धा लागला नाही. डोळ्यांनी पाहण्यासारखं काहीच नव्हतं. जे घडलं ते नोंदीत होतं. घड्याळ सेकंदाला दहा लाख ठोके पाठवत होतं. आधी ते जवळजवळ नेहमीच्या अंतराने आले. मग त्यांच्यातली जागा वाढू लागली, आधी हळूहळू, मग एकदम. शेवटचे ठोके धाकटीच्या स्थानकावर पोहोचले ते नेहमीच्या जवळजवळ अडीचपट अंतराने. त्या क्षणी घड्याळ प्रकाशाच्या ५९ टक्के वेगाने पडत होतं. त्यानंतर काही नाही.

तिने विचारलं, "ते थांबलं की फुटलं?"

"फुटलं," मी म्हटलं. खोटं सांगवलं नाही. शेवटच्या ठोक्यापर्यंत ते बरोबर चाललं होतं. त्याच्या स्वतःच्या मोजणीत एकाही ठोक्याचं अंतर वाढलं नव्हतं. ताणले गेले ते आमच्यापर्यंत येताना. रात्री मी त्याची नोंद पुन्हा एकदा सुरुवातीपासून पाहिली.

६७ सेकंद. एकूण २२८.

सहावा दिवस : ३,००० किलोमीटर

हे शेवटचं टोक. याच्या आत जायचं नाही असं दोघींचं ठरलेलं.

तारा इथून चंद्राएवढा दिसतो. वळलेल्या उजेडामुळे तो आहे त्यापेक्षा मोठा दिसतो, आणि आपल्याकडे असलेल्या अर्ध्या भागाच्या पलीकडचाही थोडा पृष्ठभाग दिसतो. पांढरा, गुळगुळीत, डाग नाही, खूण नाही. फेरी २.४ सेकंदांची.

आडवं पडून राहणं एवढंच काम. हात ताऱ्याच्या बाजूला लांब केला तर तो पडतो, पृथ्वीवर पडेल त्याहून जोरात. उलट्या बाजूला केला तर उलटा पडतो. मध्ये, छातीच्या पातळीवर, एक जागा अशी आहे की तिथे ठेवलेली वस्तू हलत नाही. मी घड्याळ तिथे ठेवलं, पोटाजवळ, दोन्ही हातांत.

८९ सेकंद.

सातवा दिवस : ३,००० किलोमीटर

कालच्यासारखाच. तिच्याशी फार बोलले नाही, कारण आवाज आता इतक्या भरभर झुलत होता की शब्द लावायला कष्ट पडत. आम्ही ठरवलं की ती फक्त दर तासाला "आहे" म्हणेल आणि मी "आहे" म्हणेन.

पडून राहिल्यावर आठवलं ते हे: आम्ही आठ वर्षांच्या असताना ती एकदा पायरीवर बसून राहिली होती, शाळेला यायला तयार नव्हती. मी पुढे गेले, वळणापर्यंत. मग परत आले आणि तिच्या शेजारी बसले. दोघींना उशीर झाला आणि दोघींना बोलणी बसली. त्या दिवशी ती वाटभर आनंदात होती. मला वाटतं मी इथे येण्याचं मूळ त्या पायरीवर आहे.

८९ सेकंद. एकूण ४०६ च्या थोडं वर.

आठवा दिवस : पुन्हा २०,००० किलोमीटर, मग परत

उरलेल्या १३.४ सेकंदांसाठी पहिल्या दिवसाच्या कक्षेत एक दिवस. उभी राहिले, मान वळवली, पेन्सिल सोडली आणि ती जवळजवळ जागच्या जागी राहिली. ४२० झाले. सात मिनिटं पूर्ण.

स्थानकात शिरल्यावर आम्ही आधी घड्याळं शेजारी ठेवली, मग एकमेकींना भेटलो.

माझं घड्याळ मागे होतं सहा मिनिटं अठ्ठावन्न सेकंद.

मी पुन्हा मोजलं. मग हिशेबाची वही उघडली, आणि चूक पहिल्याच पानावर सापडली. दहा लाख किलोमीटरवर ताऱ्याचा प्रभाव नावापुरता, असं मी लिहिलं होतं. नावापुरता, पण शून्य नाही. स्थानकही त्याच्याभोवतीच फिरत होतं. तिथे दिवसाला पाव सेकंदाहून थोडं जास्त मागे पडतं. आठ दिवसांत दोन सेकंद. मी तिच्यासाठी थांबले होते तेव्हा तीही, नकळत, थोडी थांबली होती.

"म्हणजे तू अजून दोन सेकंदांनी मोठी," ती म्हणाली.

"जन्माची नोंद मिनिटांत आहे. सात म्हणजे पावणेसातही असतील, सव्वासातही."

ती वहीवर वाकून आकडे पाहत होती. बऱ्याच वेळाने तिने विचारलं, "मग कोण मोठी?"

नोंद करणाऱ्यांनी भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं असेल, मिनिटाचा काटा पाहिला असेल, आणि सात लिहिलं असेल. ते दोन सेकंद कुणाच्या बाजूचे, हे आता कुठूनही काढता येणार नाही. मी तिला तसं सांगितलं.

घड्याळं पुन्हा जुळवायला मी हात पुढे केला तर तिने तो धरला. "राहू दे." दोन्ही आता शेजारी आहेत, ठोका बरोबर पडतो, आकडे सहा मिनिटं अठ्ठावन्न सेकंदांनी वेगळे.

मग तिने मला हाक मारली, जेवायला चल म्हणून. "ताई." आवाज सरळ आला, कुठेही न झुलता.